घरातली काच वारंवार तडकते: कारण कसं शोधायचं, आणि फुटलेली काच कशी हाताळायची

चहा ओतताच ग्लासाला उभी चीर जाते. सिंकमधून काढताना काठाचा टवका उडतो. गरम मुरांबा भरताना बरणीचा तळ गोल चकतीसारखा सुटून हातात येतो. एकाच घरात हे पुन्हा पुन्हा होऊ लागलं की दोष ग्लासांच्या प्रतीवर जातो आणि तुळशीबागेतून किंवा मॉलमधून नवा संच येतो. काही महिन्यांत त्याचीही तीच गत होते, कारण फुटण्यामागची सवय घरात तशीच असते. चीर कुठून निघाली आणि कशी गेली हे नीट पाहिलं, तर कारण बहुतेक वेळा सापडतं.

मात्र आत्ता या क्षणी जमिनीवर काच पडलेली असेल, तर कारण नंतर शोधा.

काच आत्ताच फुटली आहे

जागचे हलू नका. आपण घरात अनवाणी वावरतो, त्यामुळे काच फुटतानाच्या जखमेपेक्षा त्यानंतर घाईने टाकलेल्या पावलाची जखम जास्त खोल जाते. ज्याच्या पायात काही नाही त्याने तिथेच उभं राहावं आणि दुसऱ्याने बूट किंवा जाड तळाच्या चपला आणून द्याव्यात. बाथरूमच्या पातळ स्लिपरवर भरवसा ठेवू नका, उभा राहिलेला तुकडा तिच्या तळातून आरपार येतो. लहान मुलं, कुत्रं, मांजर दुसऱ्या खोलीत नेऊन दार लावून घ्या. पंखा बंद करा.

व्हिट्रिफाइड टाइल, शहाबादी फरशी किंवा ग्रॅनाइट अशा कठीण जागी पडलेल्या ग्लासाचे कण सहज दोन-तीन मीटर उडतात. म्हणून समोर दिसतो त्या ढिगाऱ्यापुरतं आवरून भागत नाही. फ्रिजखाली, ओट्याखालच्या ट्रॉलीच्या फटीत, पायपुसण्यावर, दाराच्या उंबऱ्याशी कण सापडतात. ओट्यावरून पडलेला ग्लास असेल तर ओटाही तपासा. पडताना तो कडेला आपटलेला असतो आणि पहिला टवका वरच राहतो.

लागणारं सामान घरात असतंच: जाड पुठ्ठ्याचे दोन तुकडे, सांडशी, टॉर्च, रद्दी, रुंद चिकटपट्टी आणि एक रिकामं खोकं. भांडी घासायचे पातळ रबरी हातमोजे काचेपासून वाचवत नाहीत. बोहरी आळीत हार्डवेअरच्या दुकानांत वेल्डिंगचे चामडी हातमोजे मिळतात, त्यातली एक जोडी घरी असावी. नसेल तर मोठे तुकडे सांडशीने उचला, हाताने उचलायचा मोह टाळा.

आधी मोठे तुकडे, धारदार टोक आपल्यापासून लांब ठेवून, थेट खोक्यात. मग एका पुठ्ठ्याने मधले तुकडे दुसऱ्या पुठ्ठ्यावर ओढून घ्या. इथे फुलझाडू वापरू नका. त्याच्या मऊ काड्यांत बारीक काच अडकते आणि दुसऱ्या दिवशी बेडरूममध्ये केर काढताना तिथे गळते. चुकून वापरला गेलाच असेल, तर तो झाडू टाकून द्यावा लागतो. झटकून तो स्वच्छ होत नाही.

यानंतर उरतो चुरा, आणि खरं काम तिथेच आहे. वर्तमानपत्राची पानं ओली करून जमिनीवर दाबा आणि सरळ वर उचला. घासू नका, घासलं की कण फटीत जातात. चार-पाच वेळा नवा कागद घ्या. शिळ्या कणकेचा घट्ट गोळाही हे काम उत्तम करतो, टाइलच्या सांध्यातले कण तो बाहेर ओढून आणतो. पण तो गोळा नंतर काचेच्याच खोक्यात गेला पाहिजे. गाईला घालायच्या शिळ्या पोळ्यांत किंवा ओल्या कचऱ्यात तो कधीही जाऊ देऊ नका. चटईवर, सोफ्यावर रुंद चिकटपट्टी हाताला उलटी गुंडाळून थोपटा.

दिवे घालवा, टॉर्च जमिनीलगत आडवा धरा आणि हळूहळू फिरवा. वरून पडणाऱ्या उजेडात न दिसणारे कण आडव्या उजेडात चमकतात. सगळीकडून पाहून झालं की शेवटी जुन्या फडक्याने एकदा पुसून घ्या आणि ते फडकं न पिळता खोक्यात टाका. दुसऱ्या दिवशी सकाळच्या उन्हात पुन्हा एक फेरी मारा. एखाददुसरा कण सापडतोच.

व्हॅक्युम क्लीनर असेल तर फक्त नळी वापरा, फिरता ब्रश नको. पिशवीचा असेल तर ती पिशवीही नंतर फेकावी लागते, कारण काच तिला आतून कापते. अंगावरचे कपडे बाल्कनीत कागदावर झटका. ते थेट वॉशिंग मशिनमध्ये गेले तर कण सगळ्या कपड्यांत पसरतात.

सिंकमध्ये फुटली तर

ही जागा सर्वांत धोक्याची. साबणाच्या पाण्यात काच दिसत नाही आणि हात सवयीने आत जातो. आधी नळ बंद करा. पाणी तुंबलं असेल तर लांब दांड्याच्या डावाने किंवा सांडशीने जाळीवरचा अडथळा हलवून पाणी जाऊ द्या. पाणी पूर्ण गेल्यावर भांडी एकेक करून सांडशीनेच उचला, प्रत्येक भांडं वाहत्या पाण्याखाली उपडं-सुलटं धुवा. घासणी फेकून द्या, मग ती कालच आणलेली का असेना. स्पंजमध्ये रुतलेला कण पाहून सापडत नाही. जाळी उचलून कागदावर पालथी करा. काच पाइपमध्ये वाहून जाऊ देऊ नका, कारण पुढे सायफन उघडणाऱ्या प्लंबरचा हात त्यात जातो.

घरी भांड्यांना मावशी येत असतील तर त्या यायच्या आधी हे सगळं आवरलेलं असावं. आवरणं जमलं नाही, तर त्या दारात असतानाच सांगा आणि सिंक त्या दिवशी तसंच राहू द्या.

अन्नाजवळ फुटली तर

उघडं अन्न टाकून द्यायचं, त्यात तडजोड नाही. वरण गाळून घेऊ, पीठ चाळून घेऊ, वरचा थर काढू, हे करू नका. चाळणीच्या छिद्रापेक्षा बारीक कण खाली जातात आणि तेलात किंवा रसात काच दिसतच नाही. हाच नियम टवका उडालेल्या बरणीला लागू होतो. लोणच्याच्या बरणीच्या तोंडाचा टवका गेलेला दिसला आणि तो तुकडा बाहेर सापडला नाही, तर तो लोणच्यात आहे असं धरूनच चालावं. वर्षाचं लोणचं टाकताना जीव तुटतो हे खरं, तरी ते टाकावं. झाकलेले डबे आणि सीलबंद पाकिटं मात्र बाहेरून धुऊन वापरता येतात.

आता कारण: चीर वाचायला शिका

खोकं बंद करण्याआधी मोठे तुकडे कागदावर जवळजवळ ठेवून पाहा. जोडायचे नाहीत, फक्त पाहायचे.

एका बिंदूपासून चारी दिशांना चिरा गेल्या असतील तर मार लागला आहे. तो बिंदू कुठे आहे यावरून कशाचा मार तेही कळतं. काठापासून एक-दोन सेंटिमीटर खाली असेल तर बहुधा नळाची तोटी, मधोमध असेल तर सिंकमधलं दुसरं भांडं.

एकच चीर काठापासून निघून वळसे घेत खाली गेली असेल आणि तिला फारसे फाटे नसतील, तर ते तापमानाच्या धक्क्याचं काम आहे. तळ गोल कापल्यासारखा अख्खा सुटला असेल तरी कारण तेच. जाड तळ आणि पातळ भिंत जिथे मिळतात तिथे ताण साठतो आणि काच त्याच वर्तुळावर सुटते.

काठावर नखाएवढे अर्धचंद्राकृती टवके दिसत असतील तर ग्लास एकमेकांवर आपटताहेत किंवा उपडे ठेवताना काठ टेकतोय. आणि काचेचे ज्वारीच्या-मक्याच्या दाण्यांएवढे बोथट चौकोनी तुकडे झाले असतील तर ती टफन्ड काच होती, तिचं गणित वेगळं आहे, ते पुढे येईल.

उष्णतेचा धक्का, आणि पुण्यातला हिवाळा

डिसेंबर-जानेवारीत पुण्यात पहाटे पारा १०-१२ अंशांवर येतो. खिडकीशेजारच्या मांडणीवरचा ग्लासही तितकाच गार असतो. पुणे समुद्रसपाटीपासून सुमारे ५६० मीटर उंचीवर आहे, म्हणून इथे पाणी ९८ अंशांच्या आसपास उकळतं. उकळता चहा थेट त्या ग्लासात गेला तर ८० अंशांहून जास्त फरक एका क्षणात पडतो. साध्या, जाड काचेला ४०-५० अंशांचा एकदम फरकसुद्धा धोक्याचा असतो.

आत नेमकं काय होतं? काच उष्णता सावकाश पुढे नेते. आतला थर तापून फुगू पाहतो, बाहेरचा गारच असतो आणि ताणला जातो. काच दाबाला फार भक्कम आणि ताणाला फार दुबळी. बाहेरच्या बाजूवर आधीच एखादा ओरखडा असेल तर चीर तिथूनच सुटते. म्हणून जुना, घासून घासून पांढुरका झालेला ग्लास नव्याच्या आधी जातो, आणि म्हणूनच जाड ग्लास पातळ ग्लासापेक्षा लवकर तडकतो. ‘जाड म्हणजे टिकाऊ’ हा समज आपटण्यापुरता ठीक आहे, उकळत्या चहाला तो लागू नाही.

उलट दिशेचा धक्का याहून वाईट. तापलेली काच एकदम गार झाली की तिचा पृष्ठभागच आकसतो आणि थेट ताणाखाली येतो. चहाचा ग्लास रिकामा होताच नळाखाली धरणं, मायक्रोवेव्हमधून काढलेलं भांडं ओल्या ग्रॅनाइटच्या ओट्यावर ठेवणं, गरम बरणी थंड फरशीवर टेकवणं: घरातल्या ‘आपोआप फुटलं’ या तक्रारींच्या मुळाशी बहुतेक यातलंच काही असतं.

उपाय साधे आहेत. ग्लासात आधी दोन चमचे गरम पाणी किंवा चहाच घालून तो फिरवा, दहा-पंधरा सेकंद थांबा, मग भरा. आत स्टीलचा चमचा ठेवल्याने थोडा फरक पडतो, कारण तो थोडी उष्णता ओढून घेतो, पण हिवाळ्यात तेवढ्यावर विसंबू नका. गरम काच नेहमी लाकडावर, जाड घडी केलेल्या सुती कापडावर किंवा कॉर्कवर ठेवा. फ्रिजमधून काढलेली बाटली कोमट पाण्याने धुण्याआधी वीसेक मिनिटं बाहेर राहू द्या.

मुरांबा, जॅम, साखरांबा भरायचा असेल तर बरणी आणि ऐवज दोन्ही गरम हवेत. पातेल्याच्या तळाशी कापड अंथरून त्यावर बरणी ठेवा, गार पाणी बरणीच्या आतबाहेर सारख्याच पातळीने भरा आणि मंद आचेवर तापवा. दहा मिनिटं उकळल्यावर आच बंद करून बरणी त्याच पाण्यात थोडी निवू द्या. मग ती बाहेर काढून कापडावर उपडी करा, आतून कोरडी झाली की लगेच भरा. पहिला डाव घालून बरणी तिरकी करून फिरवा, बाकीचा त्यानंतर.

फ्रीझरमधली बाटली फुटते ती मात्र वेगळ्या कारणाने. पाण्याचा बर्फ होताना आकारमान सुमारे ९ टक्के वाढतं. निमुळत्या गळ्याची बाटली फ्रीझरमध्ये ठेवूच नका. सरळ भिंतीच्या बरणीतही वरची पंचमांश जागा रिकामी सोडा.

नवरात्रातल्या अखंड दिव्याची काच दरवर्षी तडकत असेल तर तीन गोष्टी पाहा: ज्योत एका बाजूला कलून काचेला लागते का, वात ओलसर असल्याने तडतडून थेंब उडतात का, आणि काच बुडाशी घट्ट आवळलेली आहे का. तापल्यावर फुगायला जागा हवी, म्हणून ती बुडाशी किंचित सैल बसली पाहिजे. दिवा पंख्याच्या झोतात नको.

कोणती काच कशासाठी

साधे ग्लास, बरण्या, बाटल्या सोडा-लाइम काचेच्या असतात. बोरोसिलिकेट काच तापल्यावर तिच्या साधारण एक तृतीयांशच फुगते, म्हणून धक्का सोसते. पाकिटावर ‘बोरोसिलिकेट’ हा शब्द स्पष्ट छापलेला आहे का तो पाहा. नुसत्या ब्रँडच्या नावावरून ठरवू नका, एकच कंपनी अनेक प्रकारची काच विकते. चहा-कॉफीसाठी पातळ बोरोसिलिकेट ग्लास घेणं हा या सगळ्या त्रासावरचा सर्वांत खात्रीचा उपाय आहे. आपटलं तर तेही फुटतातच.

टफन्ड काच कारखान्यात तापवून झोताने एकदम गार केलेली असते. त्यामुळे बाहेरचे थर कायम दाबाखाली आणि आतला गाभा ताणाखाली राहतो. ती चारपाच पट भक्कम असते, पण चीर एकदा गाभ्यापर्यंत पोचली की अख्खी काच एका क्षणात दाणे होऊन सांडते. आधी कधीतरी बसलेला कडेचा ठोका आठवड्यांनी काम दाखवतो, म्हणून ती ‘कुणी हातही न लावता’ फुटल्यासारखी वाटते. आपल्याकडची टफन्ड आहे का हे ओळखायचं असेल तर लॅपटॉपचा पांढरा पडदा लावा, पोलराइज्ड गॉगल त्यासमोर फिरवून पडदा काळा दिसेल असा धरा आणि मध्ये काच ठेवा. टफन्ड काचेत उजळ पट्टे किंवा ठिपके उमटतात.

काचेशी पुण्याचं नातं जुनं आहे. तळेगावात पैसा फंडाचा काच कारखाना १९०८ साली उभा राहिला, लोकांनी पैसा-पैसा देऊन. त्या परिसराला तरी काच म्हणजे नाजूक, नशिबाने टिकणारी वस्तू असं मानायचं कारण नाही. ती नियमांनी वागते.

टवका उडाला, चीर दिसली: ठेवायचा की टाकायचा

चीर असेल तर टाका. कितीही बारीक, कितीही खालच्या बाजूला. ए. ए. ग्रिफिथ या इंग्रज अभियंत्याने १९२१ साली प्रसिद्ध झालेल्या निबंधात दाखवून दिलं की काचेची ताकद तिच्यावरच्या सूक्ष्म भेगा ठरवतात: भेग जितकी लांब, तितक्या कमी ताणाने ती पुढे पळते. शिवाय ओलावा भेगेच्या टोकाशी पोचला की तिथले बंध हळूहळू तुटत राहतात. रोज धुतल्या जाणाऱ्या ग्लासातली चीर म्हणूनच स्वस्थ बसत नाही. ‘महिनाभर वापरतोय, काही झालं नाही’ याचा अर्थ ती महिनाभर वाढते आहे.

काठाला टवका असेल तर तो ग्लास पिण्यासाठी बाद. शंका असेल तर कापसाचा बोळा काठावरून हलकेच फिरवा, बोटाने तपासू नका. जिथे कापसाचे तंतू अडकतात तिथे टवका आहे. साध्या काचेच्या ग्लासाला चमच्याने हलकंच टिचकावून पाहता येतं: धड ग्लास नाद देतो, चीर गेलेला बदबद वाजतो.

जाड फुलदाणी, पेनांचा ग्लास, शोभेचं तबक अशा वस्तूंचा दोन-तीन मिलिमीटरचा टवका घरी गुळगुळीत करता येतो, फक्त त्यातून चीर निघालेली नको आणि काच टफन्ड नको. टफन्ड काच घासली की वरचा दाबाचा थर जातो आणि ती हातातच फुटू शकते. हार्डवेअरच्या दुकानातून काळा वॉटर पेपर आणा: २२०, ४००, ६०० आणि १००० नंबरचा एकेक. चष्मा आणि मास्क लावा. परातीत पाणी घेऊन काच आणि कागद दोन्ही ओले ठेवूनच घासा. कोरडं घासलं की उडणारी धूळ नाकाघशात जाते. कडेला ४५ अंशांचा उतार देत २२० ने धार मोडा, मग प्रत्येक नंबरने दोन-तीन मिनिटं. एक नंबर गाळला तर आधीचे ओरखडे तसेच राहतात आणि तेच पुढच्या चिरेची सुरुवात ठरतात. परातीतलं गढूळ पाणी कागदाने टिपून घ्या, कागद काचेच्या खोक्यात.

फेविक्विक किंवा अराल्डाइटने जोडलेल्या भांड्यात खाणं-पिणं ठेवू नका. ही चिकटद्रव्यं अन्नासाठी नाहीत, उष्णतेने सैल पडतात, आणि जोड सुटतो तो भरलेलं भांडं उचलतानाच. शोभेच्या वस्तूंना चालतील.

एकात एक अडकलेले ग्लास

पिळून किंवा ठोकून सोडवायला गेलं की नेमकं तळहातात फुटतात. वरच्या ग्लासात बर्फाचं पाणी भरा, खालचा कोमट पाण्यात उभा करा. पाणी हाताला सोसेल इतकंच, ४० अंशांच्या आसपास, त्याहून गरम नको. एक-दोन मिनिटांत आतला आकसतो, बाहेरचा फुगतो. फटीत तेलाचे दोन थेंब सोडा आणि दोन्ही टॉवेलमध्ये धरून सरळ ओढा. नाही निघाले तर पुन्हा पहिल्यापासून.

मार लागणं कसं थांबवायचं

सिंकच्या तळाला रबरी जाळी अंथरा, नळाच्या तोटीला रबरी टोपण बसवा. एवढ्यानेच काठाचे बरेच टवके थांबतात. काचेची भांडी कुकर-कढईबरोबर सिंकमध्ये टाकूच नयेत. ती ओट्यावर वेगळ्या टबात जमवायची, आधी धुवायची आणि वेगळी निथळायची. तारेची घासणी काचेला लावू नये.

धुळीमुळे ग्लास उपडे ठेवायची आपल्याकडे पद्धत आहे. पण काठ हा ग्लासाचा सर्वांत दुबळा भाग, आणि सगळं वजन त्याच्यावर येतं. उपडे ठेवायचेच असतील तर खाली जाड सुती कापड किंवा रबरी जाळी हवी.

एक गोष्ट घरच्यांनी आपणहून करायची आहे. ग्लास फुटला तर पगारातून कापले जातील अशी धास्ती असेल, तर टवका उडालेला ग्लास मुकाट्याने मांडणीवर परत जातो आणि संध्याकाळी मुलाच्या ओठाला लागतो. मावशींना स्पष्ट सांगा: फुटलं तर फक्त सांगा, पैसे कापले जाणार नाहीत.

गॅसची शेगडी, फ्रिजचा कप्पा, मायक्रोवेव्हची थाळी

काचेच्या शेगडीचा वरचा भाग फुटला तर आधी सिलिंडरचा रेग्युलेटर बंद करा, पाइप गॅस असेल तर भिंतीवरची चावी. खिडकी उघडा, शेगडी पूर्ण गार होईपर्यंत हात लावू नका. मग दाणे गोळा करा, बर्नरच्या आतही जातात. पुन्हा पुन्हा फुटत असेल तर बर्नरपेक्षा फार मोठं सपाट तळाचं भांडं तासन्‌तास चढवलं जातंय का, तापलेल्या काचेवर ओलं फडकं फिरतंय का, आणि बर्नर सैल बसल्याने ज्योत खाली काचेकडे येते का, हे तपासा. शेवटचं असेल तर मेकॅनिकला बोलावल्याशिवाय शेगडी पेटवू नका.

फ्रिजचा कप्पा फुटला तर फ्रिज बंद करून सगळं बाहेर काढा. उघडं अन्न आणि पालेभाज्या टाका. दाराच्या रबराच्या खाचेत अडकलेले दाणे चिकटपट्टीने काढा. मायक्रोवेव्हच्या थाळीला चीर असेल तर ती बदला, आणि नवी थाळी गरम असताना ओट्यावर टेकवू नका.

काच लागली तर

किरकोळ जखम वाहत्या स्वच्छ पाण्याखाली धरा, मग स्वच्छ कापडाने दहा मिनिटं सलग दाबून ठेवा. मध्ये मध्ये उघडून पाहिलं की रक्त पुन्हा सुरू होतं. हळद, चुना, चहापूड भरू नका, डॉक्टरांना आतली काच शोधणं अवघड होतं. वरवरची कुसळ स्वच्छ चिमट्याने, ज्या कोनात शिरली त्याच कोनात बाहेर ओढा. खोल रुतलेला तुकडा उपटू नका. त्याच्या दोन्ही बाजूंनी दाब द्या आणि तसंच दवाखान्यात जा. रक्त थांबत नसेल, बोट वाकत नसेल किंवा बधिर झालं असेल तर थांबू नका, १०८ ला फोन करा. डॉक्टरांना ‘काच लागली’ असं आवर्जून सांगा, कारण बहुतेक काच एक्स-रेत दिसते. धनुर्वाताचं शेवटचं इंजेक्शन कधी घेतलं तेही सांगा. डोळ्यात कण गेला तर चोळायचं नाही. सुटा असेल तर भरपूर स्वच्छ पाणी सोडा, रुतला असेल तर वाटी उपडी झाकून थेट डोळ्यांच्या डॉक्टरांकडे. काच गिळल्याची शंका असेल तर उलटी करवू नका, लगेच डॉक्टरांना दाखवा.

खोकं घराबाहेर कसं द्यायचं

पुण्यात कोरडा कचरा माणसं हाताने वेगळा करतात. कचरावेचकांच्या संघटनेचं नावच कागद काच पत्रा कष्टकरी पंचायत आहे, ती १९९३ पासून काम करते. ‘स्वच्छ’ या सहकारी संस्थेच्या सभासद २००८ पासून महापालिकेशी झालेल्या करारानुसार दारोदार कचरा घेतात. काळ्या पिशवीत सुटी टाकलेली काच थेट त्यांच्या बोटांत जाते.

तुकडे वर्तमानपत्राच्या पाचसहा थरांत गुंडाळा, पुठ्ठ्याच्या खोक्यात किंवा झाकणाच्या जुन्या प्लास्टिक डब्यात घाला, हलवून आवाज येत नाही ना ते पाहा. आवाज आला तर आणखी रद्दी भरा. चारी बाजूंनी चिकटपट्टी लावा आणि मार्करने मोठ्या मराठी अक्षरांत लिहा: ‘फुटकी काच’. इतर कचऱ्यात न मिसळता कचरा घ्यायला येणाऱ्या ताईंच्या हातात, काय आहे ते सांगून द्या. धड बाटल्या भंगारवाल्याकडे जातात. बोरोसिलिकेट, आरसे आणि टफन्ड काच बाटल्यांच्या काचेत मिसळू नका. बोरोसिलिकेट वितळायला जास्त तापमान लागतं, आणि तिचे थोडे तुकडेही बाटल्यांचा घाणा बिघडवतात.

ट्यूबलाइट, सीएफएल आणि पाऱ्याचा थर्मामीटर या काचेत घालायचे नाहीत. त्यात पारा असतो. ते फुटले तर खिडक्या उघडून सगळ्यांनी पंधरा मिनिटं खोलीबाहेर थांबा, झाडू किंवा व्हॅक्युम लावू नका, ताठ कागदाने गोळा करून चिकटपट्टीने टिपा आणि घट्ट झाकणाच्या बरणीत बंद करा. हा घरगुती घातक कचरा आहे. बरणीवर ‘पारा’ लिहा आणि ती ओल्या-सुक्या दोन्ही कचऱ्यापासून वेगळी द्या.